उसाच्या फडातला शर्ट

चि. पोरी,
अनेक आशीर्वाद.

माजलगावात आईच्या दुकानात ब्लाउज शिवतेस आणि मालिकांची वेशभूषा करायची म्हणतेस, वाचून आनंद झाला. हातात शिलाई आहे, ती सोडू नकोस. सेटवर ऐनवेळी उसवलेलं शिवावं लागतंच.

मुंबईची गाडी धरण्याआधी मात्र कारखान्याचा हंगाम सुरू झाला की फडावर जा. ऊसतोड करणारी बाई साडीवर गड्याचा शर्ट का घालते, तिलाच विचार. उसाच्या पात्यानं हात चिरतात म्हणून. तो शर्ट कुठं विरलाय तेही बघ.

माझ्या पहिल्या मालिकेत शेतकरणीसाठी नवी साडी आणली आणि जुनी दिसावी म्हणून चहाच्या पाण्यात बुडवली. सगळी एकसारखी तपकिरी झाली, मुद्दाम रंगवल्यासारखी. सेटवरचे कपडे सांभाळणाऱ्या ड्रेसदादांनी काही न बोलता ती दगडावर नेली. गुडघ्याजवळ, पदराच्या टोकाला, काठाला, तेवढंच घासलं. अंगावरचं कापड कामाच्या जागी झिजतं, हे मला तिथं कळलं. मी परभणीची, आईची लुगडी आयुष्यभर पाहिलेली, आणि तरी चुकले.

वेशभूषाकार भानू अथैया ‘आम्रपाली’ चित्रपटासाठी (1966) अजिंठ्याची भित्तिचित्रं बघायला गेल्या होत्या. तुला तर अजिंठा, पैठणचे माग आणि तांड्यावरच्या बंजारा बायकांची फेटिया-कांचळी, म्हणजे घागरा-चोळी, सगळं आपल्याच मराठवाड्यात आहे. पैठणीचा पदर उलटून बघ, नक्षी मागूनही तितकीच स्वच्छ असते. रोजच्या मालिकेला खरी पैठणी परवडत नाही, हरकत नाही. पण लग्नाच्या प्रसंगात ती साडी नवी घेतलेली की आजीच्या पेटीतली, हे लेखकानं लिहिलं नसलं तरी तू ठरवायचं.

बाकीचं कामात शिकशील. बारीक रेघा कॅमेऱ्यात लहरतात. कोरं रेशीम कॉलर माइकला चुरचुरतं. पावसाच्या सीनला तोच कपडा दोन जोड हवा. सीन क्रमानं होत नाहीत; प्रत्येक सीनचा फोटो काढ, पिन कुठल्या खांद्यावर होती तेही त्यात दिसू दे. सुरुवात सहाय्यक म्हणूनच होईल आणि पैसे बऱ्याचदा 90 दिवसांनी हाती येतात, तेवढी सोय गाठीशी ठेवून ये.

फडावरून आलीस की त्या शर्टाचं चित्र काढून पाठव. रंग भरू नकोस, विरलेल्या जागांवर फक्त खूण कर.

तुझी,
काकू