पोटात कारखाना असलेलं जहाज: ‘गॉल’बद्दल तुमचे प्रश्न

मागच्या अंकात मासेमारी जहाजांच्या अपघातांवर लिहिताना ‘गॉल’चा दोनच ओळींत उल्लेख केला होता. इंग्लंडमधल्या हल बंदराचा हा फॅक्टरी ट्रॉलर फेब्रुवारी 1974 मध्ये 36 माणसांसकट नॉर्वेच्या उत्तरेला बुडाला. त्यावर इतके प्रश्न आले की यावेळचा सगळा कॉलम त्यालाच देतोय.

प्रश्न : फॅक्टरी ट्रॉलर म्हणजे नक्की काय? आमच्या बोटीतपण बर्फ असतो, पंधरा दिवस मासळी टिकते, मग वेगळं काय त्यात? (हर्णै)

फरक बर्फाचा नाही हो, फरक म्हणजे बंदरावर जे काम होतं ते सगळं जहाजाच्या पोटात होतं. जहाजाला मागच्या बाजूला उतरती घसरगुंडी असते, तिच्यावरून भरलेलं जाळं विंचने, म्हणजे दोर गुंडाळणाऱ्या यंत्राने, ओढून वर डेकवर घेतात, जाळ्याचं तोंड सोडलं की मासळी डेकमधल्या झाकणातून खालच्या मजल्यावर पडते, तो मजला म्हणजे फॅक्टरी. तिथे पोट फाडून साफ करायचं, मुंडकं उडवायचं, मशीनवर फिले, म्हणजे बिनकाट्याचे तुकडे, काढायचे, साल काढायची, मग प्लेट फ्रीजरमध्ये दाबून गोठवलेल्या लाद्या अजून खाली कोल्ड स्टोरेजमध्ये रचायच्या. या पद्धतीचं सुरुवातीचं मोठं जहाज म्हणजे ब्रिटनचं 1954 चं ‘फेअरट्राय’, त्यानंतर सोव्हिएत युनियनने अशा जहाजांचा ताफाच्या ताफा बांधला.

‘गॉल’ 1972 मध्ये इंग्लंडमधल्याच लोस्टॉफ्टला बांधलं, तेव्हा नाव ‘रेंजर कॅस्टर’ होतं, दुसऱ्या वर्षी ब्रिटिश युनायटेड ट्रॉलर्स कंपनीने घेतल्यावर नाव बदललं. लांबी साधारण 66 मीटर. म्हणजे बुडालं तेव्हा जहाज जवळजवळ नवंच होतं, आणि हलमध्ये लोकांना त्याचाच धक्का जास्त बसला, कारण असली जहाजं बुडत नाहीत असंच सगळे धरून चालले होते.

कामाचं म्हणाल तर ससून डॉकला आपल्या बाया जमिनीवर बसून कोळंबी सोलतात तेच किती कष्टाचं असतं ते आपण बघतोच, इथे तसलं काम हलत्या जमिनीवर, पायाखाली सतत पाणी आणि माशांची घाण, हातात धारदार सुरी, खिडकी नाही, बाहेर वादळ आहे की ऊन तेही कळत नाही, आणि हे आठवड्यामागून आठवडे चालतं. वर ब्रिजवर, म्हणजे जहाज चालवतात त्या खोलीत, उभ्या माणसाला समुद्र दिसतो, खालच्याला फक्त मासे दिसतात. हा मुद्दा लक्षात ठेवा, पुढे लागणारे.

प्रश्न : एवढं मोठं जहाज, रेडिओ होता, मग मदतीसाठी एक हाक पण कशी गेली नाही? (मालवण)

सगळ्यात जास्त पत्रं याच प्रश्नाची होती. ‘गॉल’ 22 जानेवारी 1974 ला हलहून निघालं. वाटेत मेट, म्हणजे कप्तानाच्या खालचा अधिकारी, आजारी पडला म्हणून त्याला नॉर्वेत उतरवलं आणि त्याच्या जागी दुसरा माणूस विमानाने येऊन जहाजावर चढला. नशीब म्हणतात ते असं असतं, दुसरा शब्द नाही माझ्याकडे. नंतर जहाज बॅरेंट्स समुद्रात नॉर्थ केपच्या उत्तरेला मासेमारीला लागलं. 8 फेब्रुवारीला हवा भयंकर बिघडली, वारा, बर्फ, डोंगराएवढ्या लाटा, तिथली सगळी जहाजं जाळी आवरून वाऱ्याकडे तोंड करून इंजिन हळू ठेवून कशीबशी थांबली होती. त्या दिवशी सकाळी ‘गॉल’ला शेजारच्या ट्रॉलरने पाहिलं, ‘गॉल’ने कंपनीला रोजचा रिपोर्ट दिला, जहाजावरून दोन खासगी तारा (टेलिग्राम) गेल्या. त्यानंतर काही नाही.

आता कारण. फॅक्टरी डेकवरचा कचरा म्हणजे मुंडकी, आतडी, नको ती मासळी, हे कुठेतरी टाकायला लागतं ना, तर त्यासाठी जहाजाच्या उजव्या बाजूच्या भिंतीलाच दोन भोकं होती, कचऱ्याचे च्यूट. प्रत्येकाला बाहेरून एक झडप, जी लाट आली की आपोआप मिटावी अशी, आणि आतून एक झाकण जे माणसाने घट्ट लावायचं. 2002 मध्ये बुडालेल्या जहाजाची पाण्याखालून नीट तपासणी झाली तेव्हा दोन्ही च्यूट उघडे दिसले, आतून पण आणि बाहेरून पण. न्यायमूर्ती डेव्हिड स्टील यांच्या फेरचौकशीने 2004 च्या शेवटी हेच कारण धरलं की समुद्र त्या भोकांतून फॅक्टरीत शिरला.

पाणी थोडं असलं तरी एवढं का घातक? मोठ्या परातीत दोन बोटं पाणी घेऊन चालून बघा, परात जरा कलली की सगळं पाणी त्याच बाजूला धावतं आणि परात अजून कलते. फॅक्टरी डेक म्हणजे या टोकापासून त्या टोकापर्यंत मोकळी जागा, मध्ये पाणी अडवायला भिंत नाही, त्यात हे पाणी जहाजाच्या तळाला नसून वरच्या मजल्यावर, म्हणजे जहाज सरळ व्हायची ताकदच ते खाऊन टाकतं. तिथलं पाणी उपसायचे पंप माशांच्या कचऱ्याने तुंबतात हे या धंद्यातल्या कुणालाही विचारा. आणि त्या मजल्यावर तर पाणी रोजचंच, धुवायचं पाणी सतत चालू, त्यामुळे हे पाणी आपलं नाही, समुद्राचं आहे हे कुणाच्या लक्षात यायच्या आत ते ब्रिजवर जाणवेल इतकं झालेलं असतं, आणि तेव्हा कलंडायला वेळ लागत नाही. रेडिओपर्यंत पोचायला लागतात तेवढी मिनिटं बहुतेक मिळालीच नाहीत.

प्रश्न : ते हेरगिरी करत होतं आणि रशियाने पकडून नेलं असं वाचलंय. खरं काय? (पुणे)

जहाजाने रोजचा रिपोर्ट चुकवला तरी शोध सुरू व्हायला जवळपास दोन दिवस गेले. मग नौदलाची जहाजं आली, विमानं आली, हाती काहीच लागलं नाही, ना लाइफराफ्ट ना फळी. तीन महिन्यांनी, मे महिन्यात, एका नॉर्वेजियन जहाजाला ‘गॉल’चं एक लाइफबॉय, म्हणजे बुडणाऱ्याला धरायला फेकतात ते तरंगतं कडं, मिळालं, बस. त्याच वर्षीच्या चौकशीने सांगितलं की एकामागून एक आलेल्या प्रचंड लाटांखाली जहाज गेलं. आता घरच्यांनी हे कसं मानायचं? नवीन जहाज, हाक नाही, पुरावा नाही, आणि जागा कुठली तर सोव्हिएत नौदलाच्या दारात, शीतयुद्ध जोरात. काही बायकांना कित्येक वर्षं वाटत राहिलं की नवरा सोव्हिएत छावणीत जिवंत असेल. त्यांना वेडं म्हणायची माझी अजिबात तयारी नाही, कारण काही ट्रॉलर गुप्त माहिती गोळा करायला वापरले जात होते हे ब्रिटिश सरकारने आधी नाकारलं आणि बऱ्याच वर्षांनी कबूल केलं. एकदा खोटं सापडलं की पुढचं खरं कोण ऐकणार. पण ‘गॉल’ स्वतः त्या कामावर नव्हतं असं 2004 च्या निकालात स्पष्ट आहे आणि ते मला पटतं.

प्रश्न : मग 23 वर्षं कुणी शोधलं का नाही? (ठाणे)

कारण सरकार म्हणत राहिलं की शोधणं व्यवहार्य नाही. शेवटी ऑगस्ट 1997 मध्ये एका टीव्ही पत्रकाराच्या टीमने शोधलं, सुमारे 280 मीटर खोलीवर. ते सापडल्यावर मग सरकारी तपासण्या झाल्या, 2002 मध्ये काही अवशेष वर आणले, डीएनएवरून चौघांची ओळख पटली. याचा मला मनापासून राग येतो. हल शहराने दूरच्या समुद्रातल्या मासेमारीत सुमारे 6000 माणसं घालवली असं तिथे सांगतात. 1968 च्या सुरुवातीला तर तीन ट्रॉलर काही आठवड्यांत बुडून 58 जण गेले, तेव्हा हेसल रोडच्या कोळीवस्तीतल्या लिलियन बिलोका आणि तिच्याबरोबरच्या बायकांनी डोक्याला रुमाल बांधून थेट लंडन गाठलं आणि जहाजावर रेडिओ ऑपरेटर हवाच वगैरे मागण्या मान्य करून घेतल्या. त्याच रस्त्यावरच्या बायकांना सहा वर्षांनी परत सांगितलं गेलं की लाटा मोठ्या होत्या.

प्रश्न : आपल्याकडे अशी जहाजं आली होती का? (वसई)

हो. 1991 च्या धोरणात परदेशी कंपन्यांबरोबर जॉइंट व्हेंचर करून मोठी जहाजं आणायला परवानगी दिली, मच्छीमार संघटनांनी देशभर संप-आंदोलनं केली, मुरारी समिती बसली आणि तिने 1996 मध्ये ते परवाने रद्द करा अशीच शिफारस केली. यावर कधीतरी वेगळा कॉलम लिहीन.

प्रश्न : मुलाला परदेशी फॅक्टरी ट्रॉलरवर नोकरीची ऑफर आहे. पाठवू का? काय विचारायचं ते तरी सांगा. (अलिबागहून एक आई)

ताई, पाठवू नका असं मी सांगणार नाही, पण पगाराच्या आकड्याआधी काही गोष्टी विचारायला लावा. अंगाला बसेल असा इमर्शन सूट, म्हणजे थंड पाण्यात जीव वाचवणारा अंगभर पोशाख, प्रत्येकाला आहे का आणि तो घालायची ड्रिल होते का हे पहिलं. 2008 मध्ये बेरिंग समुद्रात ‘अलास्का रेंजर’ हा फॅक्टरी ट्रॉलर बुडाला, 47 पैकी 42 जण वाचले, त्यात त्या सूटांचा मोठा वाटा होता. याउलट 2015 मध्ये ओखोत्स्क समुद्रात रशियाचं ‘दाल्नी वोस्तोक’ गेलं तेव्हा 132 पैकी निम्म्याहून जास्त माणसं गेली, आणि त्यात म्यानमारहून कामाला आलेले बरेच होते, तुमच्या मुलासारखेच. म्हणून दुसरं, सूचना त्याला समजेल त्या भाषेत मिळतात का. तिसरं, हवा बिघडली की कचऱ्याचे च्यूट आणि फॅक्टरी डेकची दारं बंद करायची जबाबदारी कुणाची, त्या माणसाचं नाव पहिल्याच दिवशी माहीत करून घ्यायचं, आणि पायाखालचं पाणी नेहमीपेक्षा जास्त वाटलं तर लाजायचं नाही, सरळ ब्रिजला कळवायचं. करार लेखीच हवा. मासेमारीतल्या कामगारांसाठी आयएलओचा (आंतरराष्ट्रीय कामगार संघटनेचा) 188 क्रमांकाचा करार आहे, 2017 पासून लागू, त्यात समुद्रावर तीन दिवसांपेक्षा जास्त राहणाऱ्या जहाजांवर 24 तासांत किमान 10 तास आणि आठवड्यात 77 तास विश्रांती लिहिलेली आहे. जहाजावर ज्या देशाचा झेंडा आहे त्याने तो मान्य केलाय का हे एजंटला विचारा, आणि उत्तर तोंडी नको, ईमेलवर मागा.