तेलाविना मोसंबीचे ड्रेसिंग आणि रात्री कडू होणारा रस

प्रश्न : आमची अंबड तालुक्यात दोन एकर मोसंबी आहे. मागच्या वर्षी सासऱ्यांना स्टेंट बसवला, तेव्हापासून डॉक्टरांनी त्यांना तेल-तूप अगदी मोजून खायला सांगितले आहे. मामंजींना मेथीचा घोळाणा, म्हणजे कच्च्या मेथीची कोशिंबीर, फार आवडतो. पण शेंगदाण्याचा कूट आणि कच्चे तेल काढून टाकले, की ‘हा नुसता पाला झाला’ म्हणून ते ताट बाजूला सारतात. दुकानातून ‘फॅट फ्री’ छापलेली ड्रेसिंगची बाटली आणली, ती गोडमिट्ट निघाली. मग घरच्याच मोसंबीचा रस मिक्सरमधून काढला, मीठ-मिरपूड घातली आणि बाटलीत भरून ठेवला. दुपारी तो चांगला लागला, रात्री मात्र कडूजहर झाला होता. टिकावा म्हणून दुसऱ्या दिवशी उकळून पाहिला, तर तो आणखीच कडू झाला. आमचे काय चुकते आहे?
– एक वाचक भगिनी, जालना जिल्हा

उत्तर : आपल्या मोसंबीत काही खोट नाही आणि आपल्या हातातही नाही. जालन्याच्या ज्या मोसंबीला भौगोलिक मानांकन मिळाले, तिच्या रसातही हा गुण असतोच. अख्ख्या फळात एक द्रव्य असते, जे स्वतः कडू नसते. ते मुख्यतः सालीखालच्या पांढऱ्या गराच्या थरात, फोडींवरच्या पापुद्र्यांत आणि बियांत असते. फळ पिळले, पेशी फुटल्या आणि हे द्रव्य रसातल्या आंबटाच्या संपर्कात आले, की त्याचे हळूहळू लिमोनिन नावाच्या कडू पदार्थात रूपांतर होऊ लागते. रसाच्या दहा लाख भागांत लिमोनिनचे साधारण 6 भाग झाले, तरी पुष्कळांच्या जिभेला कडवटपणा जाणवतो. या रूपांतराला काही तास लागतात, म्हणून दुपारचा रस गोड आणि रात्रीचा कडू. उष्णतेने हीच क्रिया वेगाने होते, त्यामुळे उकळल्यावर आपल्याला जे चार तासांनी मिळायचे ते दहा मिनिटांत मिळाले. जालन्याच्या स्टँडबाहेरचा हातगाडीवाला पुढ्यात गिऱ्हाईक उभे राहिल्याशिवाय मोसंबी मशीनमध्ये घालत नाही, त्यामागे हेच शहाणपण आहे.

मिक्सरने यात भर घातली. मिक्सरच्या पात्यांनी बिया आणि पापुद्रे वाटले जातात आणि कडवटपणाचा सगळा कच्चा माल रसात उतरतो. त्यापेक्षा मोसंबी आडवी कापून हाताच्या लिंबू-दाबणीवर किंवा नुसत्या मुठीत हलकेच पिळावी, शेवटचा थेंब काढण्याचा हट्ट धरू नये आणि रस बारीक गाळणीतून गाळून घ्यावा. फळ जितके पक्व, तितका हा कडवटपणा कमी. म्हणून आंबे बहाराची, म्हणजे जानेवारी-फेब्रुवारीत धरलेल्या फुलोऱ्याची, फळे घाईने, हिरवीगार असताना तोडली असतील, तर ती या कामासाठी न घेता झाडावर नीट भरलेली, हातात जड लागणारी फळे घ्यावीत.

आता ड्रेसिंगविषयी. हा शब्द ऐकला, की आपल्याकडे अजूनही जखमेवरची पट्टीच आधी डोळ्यांसमोर येते, पण ही वस्तू आपल्याला नवी नाही. कोशिंबिरीवर ओतलेली फोडणी आणि घोळाण्यावर सोडलेली कच्च्या तेलाची धार हे आपले ड्रेसिंगच होय. त्या तेलाची कामे तीन असतात : ते आंबटाची धार बोथट करते, मसाल्याचा वास धरून ठेवते आणि पानाला चिकटून राहते. तेल काढले आणि त्याच्या जागी नुसता रस ओतला, तर तिन्ही कामे अडतात. रस जिभेला टोचतो, वास उडून जातो आणि पाणी ताटाच्या तळाशी जमा होते. मामंजींचा ‘नुसता पाला’ तो हाच. म्हणून तेलाची नक्कल करत बसण्यापेक्षा ही तीन कामे तीन वेगळ्या वस्तूंकडे सोपवावीत, असे आमचे मत आहे.

पहिले काम मोसंबीच करते, कारण तिच्यात आंबटपणा मुळातच कमी असतो. पाश्चात्त्य पद्धतीत तीन भाग तेलाला एक भाग लिंबू किंवा व्हिनेगर असे प्रमाण धरतात, ते लिंबाच्या तिखट आंबटासाठी असते. आपण प्रमाण उलटे करून मोसंबीचा रस मुख्य धरावा आणि लिंबू केवळ चव उठावी इतकेच घ्यावे. पाच चमचे मोसंबीच्या रसाला एक चमचा लिंबाचा रस पुरतो. नुसती मोसंबी मात्र मिळमिळीत लागते, म्हणून लिंबू अजिबात वगळूही नये.

दुसरे काम, म्हणजे पानाला धरून ठेवणे, पेजेकडे द्यावे. दीड लहान चमचा कॉर्नफ्लोअर किंवा बारीक तांदळाचे पीठ साधारण 80 मिलिलिटर, म्हणजे चहाच्या कपात अर्ध्याहून किंचित जास्त, गार पाण्यात गुठळी न होऊ देता कालवावे आणि मंद आचेवर सतत ढवळत ठेवावे. आधी ते दुधाळ दिसते, मग कडेने घट्ट होऊ लागते आणि कॉर्नफ्लोअर असेल तर पांढरेपणा जाऊन त्यावर काचेसारखी झाक येते. तांदळाचे पीठ इतके पारदर्शक होत नाही, पण चमच्याच्या पाठीवर त्याचा पातळ थर बसून राहतो. तेथून आणखी दोन मिनिटे शिजवून, कच्च्या पिठाचा वास गेला की उतरवावे आणि पूर्ण गार होऊ द्यावे. या गार होण्याला फाटा देऊ नये. गरम पेजेत आंबट रस घातला, तर पेज पातळ पडते आणि मोसंबी कडू होण्याला वेग येतो. एका घाईत दोन नुकसाने होतात. गार पेजेत एका मोठ्या मोसंबीचा रस, म्हणजे सुमारे 75 मिलिलिटर, आणि एक मोठा चमचा लिंबाचा रस मिसळला, की पाच-सहा जणांच्या सॅलडला पुरेल इतके, चमच्यावरून सावकाश ओघळणारे ड्रेसिंग तयार होते. हे मिश्रण झाकणाच्या काचेच्या बरणीत घालून खळखळून हलवावे. बिनकल्हईचे पितळी किंवा तांब्याचे आणि अॅल्युमिनिअमचे भांडे आंबटासाठी वापरू नये.

तिसरे काम वासाचे. यासाठी मोसंबीची साल हाताशी आहेच. किसणीच्या सर्वांत बारीक बाजूवर सालीचा फक्त वरचा रंगीत थर हलक्या हाताने दोनदा फिरवावा. पांढरे दिसू लागले की तेथेच थांबावे. या थरातल्या सूक्ष्म पुटकुळ्यांत फळाचे सुगंधी तेल असते आणि अर्धा लहान चमचा कीस सगळ्या बरणीला पुरतो. बाग आपलीच आहे, त्यामुळे शेवटची फवारणी कधी झाली हे आपणास ठाऊक असणार. ती नुकतीच झालेली असेल, तर सालीचा मोह टाळावा. त्याखेरीज किसलेले आले, बारीक चिरलेली हिरवी मिरची, चुरडलेला पुदिना आणि तव्यावर कोरडे भाजून कुटलेले जिरे घ्यावे. पाव लहान चमचा मोहरी पाण्याचा थेंब टाकून खलबत्त्यात फेसून घातली, तर तिचा नाकात जाणारा झणका तेलाची उणीव बरीचशी विसरायला लावतो.

येथे काटेकोर वाचकांसाठी एक हिशेब. आपल्या देशाच्या अन्नसुरक्षा नियमांप्रमाणे 100 ग्रॅम किंवा 100 मिलिलिटर पदार्थात 0.5 ग्रॅमहून अधिक स्निग्धांश नसेल, तरच त्यावर ‘फॅट फ्री’ लिहिता येते. मोहरीत तिसऱ्या हिश्शाहून अधिक तेल असले, तरी पाव चमचा मोहरीतून सगळ्या बरणीत सुमारे 0.3 ग्रॅमच स्निग्धांश येतो आणि आपले ड्रेसिंग या मर्यादेत बसते. शेंगदाण्याचे मात्र तसे नाही. त्यात जवळपास निम्मे तेल असते, त्यामुळे ‘तेल घातले नाही, फक्त एक मोठा चमचा कूट घातला’ या म्हणण्याचा अर्थ साधारण एक लहान चमचा तेल घातले असाच होतो. ‘फॅट फ्री’च्या या अटीत साखरेचा उल्लेख नसल्याने आपली बाटली ‘फॅट फ्री’ही होती आणि गोडमिट्टही, त्यात लबाडी नव्हती, पण उपयोगही नव्हता. यापुढे बाटली घेतलीच, तर पुढचे मोठे अक्षर सोडून मागच्या तक्त्यातली साखर आणि सोडियम पाहावे.

घोळाण्यासाठी मेथी कोवळी, लहान पानांची घ्यावी आणि धुतल्यावर स्वच्छ पंचात गुंडाळून अगदी कोरडी करावी, कारण ओल्या पानावर बिनतेलाचे ड्रेसिंग ठरत नाही. कूट नसल्यामुळे दाताखाली काही लागावे म्हणून कांद्याची पात, बारीक चिरलेला मुळा आणि मूठभर मोड आलेली मटकी वाफवून घालावी. काकडी किंवा वाळूक घालायचे असेल, तर त्याला चिमूटभर मीठ लावून दहा मिनिटांनी सुटलेले पाणी पिळून टाकावे आणि तेवढे मीठ ड्रेसिंगमधून कमी करावे. सैंधव आणि काळे मीठ हेही सोडियमच्या बाबतीत मीठच आहेत, हे मामंजींच्या ताटापुरते लक्षात असू द्यावे. ड्रेसिंग ताट वाढताना घालावे, आधी नाही. मेथीचा स्वतःचा कडवटपणा जास्त वाटला, तर अर्धा चमचा काकवी चालेल. मधुमेह असल्यास तीही नको.

आता साठवण. पेज शिजवून झाकणाच्या डब्यात फ्रीजमध्ये दोन दिवस ठेवता येते. मोसंबी मात्र जेवणाच्या वेळीच पिळावी आणि मिसळलेले ड्रेसिंग तासाभरात संपवावे. फ्रीजमध्ये रसाचे कडू होणे मंदावते, थांबत नाही.

एक सूचना औषधांबद्दल. मोसंबीऐवजी कधी पपनस वापरावे असे मनात आले, तर आधी डॉक्टरांना विचारावे. पपनस आणि ग्रेपफ्रूट ही फळे कोलेस्टेरॉलच्या काही गोळ्यांचे शरीरातील प्रमाण वाढवू शकतात, आणि स्टेंट बसवलेल्यांना अशा गोळ्या बहुधा चालू असतात.

प्रश्न : सगळेच तेल काढले, तर गाजर-पालकातली जीवनसत्त्वे अंगी लागत नाहीत असे ऐकले. हे खरे आहे का?
– एक वाचक, परभणी

उत्तर : गाजर आणि पालेभाज्यांतले कॅरोटिन शोषले जाण्यास थोडी स्निग्धता लागते, हे खरे आहे. पण ती सॅलडमध्येच असली पाहिजे असे नाही, त्याच जेवणात असली की पुरते, आणि आपल्या जेवणात फोडणीची भाजी किंवा जवसाची चटणी असतेच. उलट मोसंबी-लिंबातले क जीवनसत्त्व बाजरीच्या भाकरीतले आणि मेथीतले लोह शोषून घेण्यास मदत करते, म्हणून हे सॅलड जेवणाआधी वेगळे खाण्यापेक्षा भाकरीबरोबर खावे.

प्रश्न : लिंबे महागली, की आमच्याकडे हरभऱ्याची आंब वापरत. ती ड्रेसिंगमध्ये चालेल का?
– एक वाचक, हिंगोली जिल्हा

उत्तर : पहाटे हरभऱ्याच्या उभ्या पिकावर धुतलेले पातळ फडके फिरवायचे आणि दवाने भिजलेले ते फडके भांड्यात पिळायचे, ही रीत आता फार थोड्या घरांत उरली आहे, आपण ती आठवलीत याचा आनंद वाटला. आंबेचा आंबटपणा मुख्यतः मॅलिक आणि ऑक्झॅलिक आम्लांचा असतो आणि तो लिंबापेक्षा वेगळा, किंचित खारट लागतो. वरच्या कृतीत लिंबाच्या एक चमचा रसाऐवजी आंबेचे आठ-दहा थेंब घालून चव पाहावी आणि मीठ त्यानंतरच घालावे. मुतखड्याचा त्रास असणाऱ्यांनी ऑक्झॅलिक आम्लामुळे ती टाळावी, आणि कीटकनाशक फवारलेल्या शेतातली आंब कोणीच घेऊ नये. घाटेअळीसाठी फवारणी फुलोऱ्यापासूनच सुरू होते, तेव्हा फडके घेऊन निघण्याआधी शेतमालकाला विचारून घ्यावे.