कुलेनचा धबधबा आणि कंपोंग फ्लुक एका दिवसात करताय? मग हे वाचाच

कंबोडियातल्या सिएम रीपहून स्वतंत्र गाडी घेताय, ते उत्तमच. पण क्रम चुकवू नका: आधी कुलेन डोंगर, मग कंपोंग फ्लुक गाव. डोंगरावरचा रस्ता अरुंद आहे. सकाळी गाड्या फक्त वर सोडतात, दुपारनंतर फक्त खाली. त्यामुळे साडेसातला हॉटेल सोडा. अंगकोरच्या देवळांचा पास कुलेनला चालत नाही, वेगळं तिकीट काढावं लागतं.

धबधब्यात डुंबायची घाई सगळ्यांनाच असते, पण त्याआधी नदीच्या पात्राकडे जा. तळाच्या खडकात शेकडो शिवलिंगं कोरलेली आहेत आणि पाणी त्यांच्यावरून वाहतं. शेषशायी विष्णूही आहे. ख्मेर राजा जयवर्मन दुसरा याने इ.स. 802 मध्ये याच डोंगरावर स्वतःला चक्रवर्ती घोषित केलं. आपल्याकडच्या माणसाला तिथे हात जोडावेसे वाटतातच. डोंगरावरच्या देवळासाठी खांदे-गुडघे झाकतील असे कपडे ठेवा.

आता गाव. कंपोंग फ्लुकची घरं तरंगत नाहीत, ती उंच खांबांवर उभी आहेत. पावसाळ्यात मेकाँग नदीचं पाणी उलटं तोनले साप सरोवरात शिरतं आणि पातळी कित्येक मीटर चढते. तेव्हा झाडांच्या शेंड्यांमधून होडी जाते. आम्ही पहिल्यांदा एप्रिलमध्ये गेलो आणि चिखलच पाहिला. सप्टेंबर ते डिसेंबर गाठा.

एक कळकळीची विनंती: घरांच्या आत कॅमेरा रोखू नका, तिथे माणसं राहतात.