साताऱ्याहून नॉर्वेला नॉर्दर्न लाइट्स बघायला जातोय, गाइडेड टूर घ्यावी का? फोटो कसे काढावेत?

उत्तर नॉर्वेतल्या ट्रॉम्सो शहरात पहिल्यांदाच जाताय, तर टूर घ्याच. सगळा खेळ ढगांचा असतो. तिथले गाइड मोकळं आभाळ शोधत कधी थेट फिनलंडच्या हद्दीपर्यंत गाडी नेतात. बर्फाळ रस्त्यावर रात्री स्वतः गाडी चालवणं मला तरी पटत नाही. सप्टेंबरअखेर ते मार्च हा काळ, मुक्काम चार-पाच रात्रींचा ठेवा.

फोटोसाठी ट्रायपॉड हवाच. एफ २.८ ची (जास्त प्रकाश आत घेणारी) लेन्स, आयएसओ (कॅमेऱ्याची प्रकाशाला संवेदनशीलता) १६०० ते ३२००, शटर ५ ते १५ सेकंद उघडं, फोकस मॅन्युअल करून ताऱ्यावर. प्रकाश वेगाने हलत असेल तर शटरचा वेळ कमी करा, नाहीतर त्याच्या लाटा पुसट होतात. थंडीत बॅटरी झपाट्याने उतरते, जादाची आतल्या खिशात ठेवा. निघण्याआधी अमावास्येच्या आसपास कासच्या रस्त्याला जाऊन सराव करा, हातमोजे घालूनच.