रशेस त्यांचे, वही तुझी

नागपूर, नवतपा

प्रिय मित्रा,

परवा तू प्रश्न विचारलास आणि मी उत्तराऐवजी तर्री-पोहे पुढे केले. टाळाटाळ होती, तुझ्याही लक्षात आलं असेल. "ताई, व्हिजिटिंग कार्डावर काय छापू?" असं विचारून तू जुनं कार्ड काढून दाखवलंस. एका ओळीत पाच धंदे: दिग्दर्शक, लेखक, एडिटर, अनुवादक, फोटोग्राफर. बर्डीच्या बाजारात कुणी तरी ते वाचून म्हणे विचारलं, "भाऊ, झेरॉक्स पण काढून देता का?" तू हसत सांगितलंस, पण ते तुला लागलेलं दिसत होतं. मलाही हसू आलं, माफ कर. माझ्या एका मामांनी मला पंचवीस वर्षं "सध्या काय चालू आहे?" एवढंच विचारलं. मी दर वेळी वेगळं उत्तर द्यायचे आणि ते दर वेळी "म्हणजे अजून ठरलं नाही तर" असं म्हणायचे.

१९९१ साली नागपुरातल्या महाल भागातल्या एका स्टुडिओने मला घेतलं ते माझी नजर बघून नव्हे. हळदीच्या, ओटीभरणाच्या खोलीत बायकांना कॅमेरावाला बाप्या नको असायचा, म्हणून घेतलं. खांद्यावर व्हीएचएसचा बोजड कॅमेरा, मागे हॅलोजन धरून घामाने निथळणारा एक पोट्टा, आणि मे महिना. तीन लग्नसराया मी ते केलं, तेव्हा लाजत केलं. पण माणूस रडायच्या आधी काय करतो ते मला तिथे कळलं. पाठवणीच्या वेळी नवरीचा बाप कामं काढत फिरतो. ट्रकमध्ये कपाट चढलं का, मांडववाल्याचं किती राहिलं, पाण्याच्या टाकीचा नळ कुणी चालू ठेवला. त्याच्या हातातली कामं संपतात तेव्हा तो रडतो. कॅमेरा नवरीवर ठेवून बसलेल्याच्या हाती तो क्षण लागत नाही. पुढे मी ज्या दोन-चार बऱ्या गोष्टी लिहिल्या त्यांतल्या एकीत हा बाप आहे. त्या लग्नाची कॅसेट कुणाच्या तरी दिवाणात बुरशी खात पडली असेल.

तू कार्डाबद्दल विचारतोस, पण मला वाटतं तुझी खरी भीती अशी आहे की पाच कामं करणारा एकाही कामाचा राहत नाही. ही भीती खोटी नाही. अशी माणसं मी पाहिली आहेत. कामं पुष्कळ होती म्हणून ती वाया गेली नाहीत. एका कामातून दुसऱ्या कामात जाताना त्यांनी बरोबर काही नेलं नाही, म्हणून गेली. फाळक्यांनी फोटो काढले, पुरातत्त्व खात्यात ड्राफ्ट्समन म्हणून नोकरी केली, छापखाना चालवला, जादूचे प्रयोग केले आणि मग १९१३ उजाडलं. त्यांच्या पडद्यावरच्या चमत्कारांत तो जादूगार सरळ दिसतो. सुमित्रा भावे समाजशास्त्रीय संशोधन करत होत्या. ज्या वस्तीतल्या बायकांबद्दल संशोधन, त्यांच्यापर्यंतच ते पोचत नाही, म्हणून १९८५ साली त्या लघुपटाकडे वळल्या. आपल्या नागपूरचे राजकुमार हिराणी पुण्याला संकलन शिकले, वर्षानुवर्षं जाहिराती केल्या, आणि त्यांनी दिग्दर्शित केलेला पहिला चित्रपट २००३ साली आला तेव्हा ते ४१ वर्षांचे होते. ही नावं तुला धीर द्यायला सांगत नाही. धीर देणाऱ्या उदाहरणांचा मला कंटाळा आहे. ज्यांचं नाही जमलं त्यांची यादी कुणी सांगत नसतं. मी एवढंच बघते की प्रत्येकाने आधीच्या धंद्यातून काही तरी उचलून आणलं होतं.

उचलून काय आणायचं, इथे मात्र कायदा आडवा येतो, आणि हे मला फार उशिरा कळलं.

आपल्या गावात सिनेमाचा उद्योग नाही. पण निरी ही पर्यावरण संशोधन संस्था आहे, लिंबूवर्गीय फळांचं संशोधन केंद्र आहे, कापसाचं आहे, कोळसा आणि मँगनीजच्या कंपन्यांची मुख्यालयं आहेत, तासा-दोन तासांवर वाघ आहे, आणि डिसेंबरात अख्खं सरकार अधिवेशनाला इथे येतं. एवढ्यावर कॅमेरा चालवून घर चालवता येतं; मी चालवलं. मधल्या काळात आकाशवाणीच्या नागपूर केंद्रासाठी रूपकं लिहिली आणि बोलणाऱ्याचा श्वास संपायच्या आत वाक्य संपवायला शिकले. पण संस्थेच्या फिल्मचं काम वेगळं असतं. कॉपीराइट कायदा १९५७ चा आहे, त्याचं सतरावं कलम एकदा वाच. दुसऱ्याच्या सांगण्यावरून, त्याचे पैसे घेऊन तू फिल्म केलीस आणि वेगळा करार नसला, तर तिचा पहिला मालक पैसे देणारा. म्हणजे तू उन्हात चाळीस तास शूट करणार, त्या कच्च्या फुटेजमधली, म्हणजे रशेसमधली, बारा मिनिटं लागणार आणि बाकीच्यावरही तुला हक्क सांगता येणार नाही. न वापरलेलं फुटेज मला वापरता येईल, हे एक वाक्य करारात घालायला मी आता मागते. दहांत दोघं कबूल होतात.

मग तुझ्या हाती काय राहतं? वही राहते.

काटोलकडच्या संत्र्यावर मी एका कार्यालयासाठी वीस मिनिटांची फिल्म केली होती. आत्ता, मेमध्ये, तिकडे मृग बहाराच्या बागा ताणावर आहेत. म्हणजे झाडाचं पाणी मुद्दाम तोडायचं. पानं मलूल होतात, थोडी गळतात. मग पाऊस पडला की झाड एकदम फुटतं, फुलावर येतं. (आंबिया बहाराला हाच ताण हिवाळ्यात देतात.) एका म्हाताऱ्या बागाईतदाराला मी विचारलं, किती दिवस ताण द्यायचा हे कसं कळतं? तो म्हणाला, "झाडाचं पानी तोडलं का ते भेते, अन् भेलं का फुलते. पन जास्त भेववलं त मरते, बाई." कार्यालयाने ते वाक्य कापायला लावलं, त्यांना हलक्या जमिनीत किती दिवस, भारी जमिनीत किती दिवस, एवढंच हवं होतं. त्यांचं चूक नव्हतं, फिल्म शेतकऱ्यांसाठी होती आणि शेतकऱ्यांना ते वाक्य पाठच असतं. पण रात्री एसटीत मी ते वहीत लिहून ठेवलं. त्याची मातीने भरलेली नखं, शेजारी बसलेल्या मुलाचं बापाकडे न बघणं, तेही लिहिलं. सहा वर्षांनी त्यातून दिवाळी अंकासाठी कथा झाली. मानधन फिल्मच्या विसाव्या हिश्शाएवढंसुद्धा नव्हतं. पण ती कथा माझी आहे. मी असेतो आणि माझ्यानंतर साठ वर्षं.

वही म्हणजे डायरी नव्हे. आज खूप थकले, आज ऊन फार, असलं लिहू नकोस, ते रोजच असतं. कॅमेऱ्याला न मिळालेलं लिही. पूर्व विदर्भात, वडशाला, झाडीपट्टीचं नाटक शूट करायला गेले होते. धानाच्या कापणीनंतर तिकडे नाटकांचा हंगाम, रात्री दहाला सुरू झालेलं नाटक पहाटेपर्यंत. तीनच्या सुमारास थंडीने माझ्या सगळ्या बॅटऱ्या बसल्या. नाइलाजाने विंगेत जाऊन प्रॉम्प्टरशेजारी बसले. तो माणूस सगळ्यांचे संवाद पुटपुटत होता, खलनायकाचे रागाने, नायिकेचे लाजत, आणि शाल मात्र कानावरून ओढून घेतलेली. रंगमंचावर एक नाटक चाललं होतं, शालीत दुसरं. कॅमेरा चालू असता तर मी रंगमंचाकडे तोंड करून उभी राहिले असते. तेव्हापासून अर्धी बॅटरी उरली असतानाच मी एकदा कॅमेरा बंद करते. तू करावंस असं नाही. एडिटिंगला बसल्यावर त्याचा त्रासही होतो.

आता एक जुनं दुखणं. २००९ साली मुंबईच्या एका निर्मिती कंपनीला मी मालिकेची कल्पना फोनवर सांगितली. चांगला तासभर, हातवारे करून, जणू त्यांना ते दिसत होते. "मस्त आहे, कळवतो" म्हणाले. दीड वर्षाने जवळपास तीच मालिका दिसली. वकिलाकडे गेले तर त्याने मला १९७८ सालच्या सर्वोच्च न्यायालयाच्या निकालाबद्दल सांगितलं: कल्पनेवर कुणाचा मालकीहक्क नसतो, ती ज्या रूपात मांडली त्यावर असतो. "मांडलेलं किती आहे?" त्याने विचारलं. माझ्याजवळ अडीच पानं होती. त्यातलं एक किराणाच्या यादीचं निघालं.

म्हणून आधी लिही, मग स्क्रीनरायटर्स असोसिएशनकडे ऑनलाइन नोंदव, मग तोंड उघड. हक्क देण्याचा करार लेखी आणि सहीचा नसेल तर कायद्याने तो करारच नाही. मुदत लिहिली नसेल तर ती पाच वर्षांची धरतात, प्रदेश लिहिला नसेल तर भारतापुरता. हे तुझ्या बाजूचं आहे, म्हणूनच समोरचा 'कायमस्वरूपी, संपूर्ण विश्वात' असं छापून आणतो. (विश्वात! मंगळावर कोण बघणार आहे?) २०१२ च्या दुरुस्तीनंतर चित्रपटगृहाबाहेरच्या वापराच्या रॉयल्टीतला वाटा लेखकाला सोडून देता येत नाही, समोरच्याने कागदावर काहीही लिहून घेतलं तरी. तो वाटा प्रत्यक्षात हातात पडतो का, हे वेगळं पत्र होईल.

पैशाचं थोडक्यात सांगते. अ‍ॅडव्हान्स घेतल्याशिवाय गाडीत बसू नकोस. टीडीएस कापला म्हणतात, तो तुझ्या पॅनवर जमा झाला का ते दर तिमाहीला बघ. ओळखीच्या माणसाचं काम एक तर पूर्ण फुकट कर नाही तर पूर्ण पैशात. निम्म्यात करशील तर काम आणि ओळख दोन्ही जातील.

मुंबईला जाऊ का, हा तुझा दुसरा प्रश्न. विदर्भ एक्सप्रेसने संध्याकाळी निघालं की सकाळी तिथे पोचतो, जाऊन ये. महिनाभर राहा. सेटवर उभा राहा, माणसं किती वेळ नुसती थांबलेली असतात ते बघ. पण तिथे जाणं म्हणजे इथून सुटणं असं वाटत असेल तर थांब. सुटायला आलेल्यांची तिथे आधीच गर्दी आहे, आणि त्यांच्याजवळ सांगण्यासारखी एकच गोष्ट असते, आपण कसे सुटलो त्याची.

आणि तुझ्या फिल्मबद्दल, कारण पोहे खाताना तू मला ती दाखवलीस आणि मी "छान आहे" म्हटलं. छान नाही. तुझ्या आजीच्या मुलाखतीत मागे कूलर घरघरतो आहे. नागपुरात मे महिन्यात मुलाखत घ्यायची तर कूलर बंद करावाच लागतो. कूलर बंद केला की म्हातारं माणूस दहा-बारा मिनिटं तग धरतं, त्यापलीकडे ते फक्त घामाबद्दल बोलतं. म्हणून सकाळी सहाला जा. प्रश्न तीनच ने, त्यांतला महत्त्वाचा दुसरा विचार. उठण्यापूर्वी कुणालाही हलू न देता त्या खोलीची एक मिनिट शांतता रेकॉर्ड कर. कापलेल्या दोन वाक्यांच्या मध्ये ती भरावी लागते. दुसऱ्या खोलीची शांतता तिथे चालत नाही, लगेच कळते. मात्र तुझी आजी "आम्ही पायीच गेलो होतो दीक्षाभूमीवर" म्हणाल्यावर जी थांबली, तिथे तू कट केलास. का? ५६ सालची चौदा-पंधरा वर्षांची मुलगी तिच्या तोंडावर येत होती. मी टेबलाखाली मूठ आवळली. परत जा तिच्याकडे. तोच प्रश्न पुन्हा विचारू नकोस. त्या दिवशी घरून बरोबर काय खायला नेलं होतं, ते विचार.

कार्डाचं म्हणशील तर नाव आणि फोन नंबर छाप. ज्या कामासाठी जाशील तेवढंच तोंडाने सांग. खाण कंपनीच्या साहेबाला तू कविता करतोस हे कळून त्याचा फायदा नाही, आणि कवींना तू खाणीच्या सुरक्षेवर फिल्म केलीस हे कळलं तर ते तुझ्या कविता त्याच नजरेने वाचतील.

माझ्याकडे एका माहितीपटाचं सबटायटलचं काम आलं आहे, हिंदी आणि झाडीबोलीतून मराठीत. माझे डोळे आता साथ देत नाहीत, तू करशील का? ओळ दोनच्या वर जाऊ द्यायची नाही आणि माणूस बोलतो तितक्याच वेळात ती वाचून व्हायला हवी. वाक्य छाटायला याच्यासारखी शाळा नाही. पैसे माझ्याकडे आलेत, पूर्ण देईन. गुरुवारी सकाळी ये, दहाच्या आत, नंतर ऊन फार होतं. वही घेऊन ये. कोरी असली तरी चालेल. आणि येताना बर्डीवरून कूलरचा पंप आणशील का, अठरा वॅटचा. माझा काल जळला.

तुझी,
ताई