गोड्या पाण्यातील वादळे आणि बुडालेली जहाजे

प्रश्न : १७ जुलै १९४७ रोजी रेवसला जाताना बुडालेल्या ‘रामदास’ बोटीची आठवण आमच्या घरात अजूनही निघते, त्यामुळे समुद्राची धास्ती आम्हांला वेगळी सांगावी लागत नाही. पण उत्तर अमेरिकेतील सरोवरांतही हजारो जहाजे बुडाली आहेत, हे वाचून नवल वाटले. चहूबाजूंनी जमीन असलेल्या पाण्यात एवढी वादळे कशी होतात? गोडे पाणी हलके असल्यामुळे तेथे लाटा अधिक उंच उठतात, हे खरे आहे का? (एक वाचक, अलिबाग)

उत्तर : घोटाळा ‘सरोवर’ या शब्दापासूनच सुरू होतो. हा शब्द ऐकला की आपल्या डोळ्यांसमोर काठावर घाट आणि मध्ये कमळे असलेले पाणी उभे राहते. अमेरिका आणि कॅनडा यांच्या सीमेच्या परिसरात सुपीरियर, मिशिगन, ह्युरॉन, ईरी आणि ओंटारिओ अशी पाच मोठी सरोवरे आहेत. त्यांपैकी एकट्या सुपीरियरचे क्षेत्रफळ सुमारे ८२ हजार चौरस किलोमीटर आहे, म्हणजे महाराष्ट्राच्या पाव भागाहून जास्त. त्याची लांबी सुमारे ५६० किलोमीटर आणि सर्वाधिक खोली ४०६ मीटर आहे. एवढ्या पाण्यावरून वारा तासन्‌तास अडथळ्याशिवाय वाहू लागला, की पाणी गोडे आहे की खारे हे त्याला विचारावे लागत नाही.

वादळांचा काळ मात्र आपल्यापेक्षा वेगळा असतो. कोकणात पावसाळ्याच्या तोंडावर होड्या किनाऱ्यावर ओढून शाकारल्या जातात आणि नारळी पौर्णिमेला समुद्राला नारळ वाहिल्यावर हंगाम पुन्हा सुरू होतो. या सरोवरांवर घातक महिना नोव्हेंबर आहे. उन्हाळ्यात तापलेले पाणी तोवर पुरते निवलेले नसते आणि उत्तर ध्रुवाकडची कडक थंड हवा खाली उतरू लागलेली असते. पश्चिमेकडून येणारा कमी दाबाचा पट्टा या उबदार, ओलसर पाण्यावर आला की त्याला बळ मिळते. नेमक्या याच दिवसांत, बर्फ धरण्यापूर्वी लोहखनिजाच्या आणि धान्याच्या शेवटच्या फेऱ्या उरकण्याची घाई असते. आपल्याकडे ज्या काळात तांडेल घरी जाळी विणत बसतो, त्याच प्रकारच्या काळात तेथील खलाशी वर्षातल्या अखेरच्या फेऱ्या करत असतो. माझ्या मते तेथील कित्येक अपघातांचे मूळ वाऱ्याइतकेच या घाईत आहे.

पाण्याच्या हलकेपणाविषयी आपण विचारलेली समजूत खुद्द तेथेही पुष्कळ पसरलेली आहे, परंतु ती बरोबर नाही. गोडे पाणी समुद्राच्या पाण्यापेक्षा सुमारे अडीच टक्के हलके असते. त्यामुळे तेच जहाज गोड्या पाण्यात थोडे जास्त खोल बसते आणि म्हणूनच जहाजाच्या बाजूवर गोड्या पाण्यासाठी वेगळी भाररेषा, म्हणजे माल भरल्यावर जहाज कोठवर बुडू द्यायचे त्याची खूण, आखलेली असते. लाटांच्या उंचीत मात्र एवढ्या फरकाने काही बदल होत नाही. भीती उंचीपेक्षा लाटांच्या आखूडपणाची असते. महासागरात हजार-दोन हजार किलोमीटर प्रवास करून आलेली लाट लांब, संथ झालेली असते, तिच्यावर जहाज चढते आणि उतरते. सरोवरात लाटेला तेवढे अंतर मिळत नाही, म्हणून ती तरुण, उभी आणि आखूड राहते, आणि एका लाटेतून जहाज वर येते न येते तोच दुसरी येऊन आदळते. तेथील मालवाहू जहाजे कालव्यांच्या दरवाजांत मावावीत म्हणून लांब आणि अरुंद बांधलेली असतात. पुढचे टोक एका लाटेवर, मागचे दुसऱ्या लाटेवर आणि मधला भाग अधांतरी, असा ताण त्यांच्यावर वारंवार येतो. १८ नोव्हेंबर १९५८ रोजी मिशिगन सरोवरात ‘कार्ल डी. ब्रॅडली’ असेच दुभंगले आणि ३५ पैकी ३३ जण गेले. २९ नोव्हेंबर १९६६ रोजी ह्युरॉन सरोवरात ‘डॅनियल जे. मॉरेल’ मधोमध मोडले, तेव्हा मागच्या तुकड्यातील इंजिन चालूच होते. तो अर्धा भाग दिव्यांसह अंधारात पुढे निघून गेला आणि काही किलोमीटर अंतरावर बुडाला. त्या जहाजावरील २९ पैकी एकच खलाशी वाचला, तोही लहानशा तराफ्यावर, मृत सोबत्यांच्या शेजारी, सुमारे ३८ तास काढून.

सरोवराचा आणखी एक धोका सांगायला हवा. भरलेली परात उचलून नेताना पाणी जसे एका काठाकडे चढते आणि मग उलट हेलकावते, तसेच जोराचा वारा ईरी सरोवराचे पाणी एका टोकाला लोटतो. हे सरोवर पाचांत सर्वांत उथळ आहे, त्यामुळे दोन टोकांच्या पातळीत कित्येक फुटांचा फरक पडतो. १८४४ च्या ऑक्टोबरमध्ये याच कारणाने बफेलो शहरात रात्री पाणी शिरले आणि अनेक माणसे झोपेतच बुडाली.

प्रश्न : आम्ही अनेक वर्षे ओंटारिओ सरोवराच्या काठी राहतो. नोव्हेंबर आला की येथील जुनी मंडळी ‘एडमंड फिट्झगेराल्ड’चे नाव काढतात. त्या जहाजाचे नेमके काय झाले, आणि त्याच्या कारणाविषयी अजून एकमत का नाही? (एक वाचक, मिसिसागा, कॅनडा)

उत्तर : हे जहाज १९५८ साली पाण्यात उतरले तेव्हा या सरोवरांवरचे सर्वांत लांब जहाज होते, लांबी ७२९ फूट, म्हणजे सुमारे २२२ मीटर. ९ नोव्हेंबर १९७५ रोजी दुपारी ते सुपीरियर सरोवरावरच्या, विस्कॉन्सिनमधील सुपीरियर याच नावाच्या बंदरातून सुमारे २६ हजार टन लोहखनिजाच्या गोळ्या घेऊन डेट्रॉइटच्या दिशेने निघाले. कप्तान होते अर्नेस्ट मॅकसॉर्ली. ‘आर्थर एम. अँडरसन’ हे दुसरे जहाज, कप्तान जेसी कूपर यांच्या हाताखाली, त्यांच्या मागोमाग चालले होते.

वादळाचा इशारा दोघांनाही मिळालेला होता. वारा ईशान्येकडचा होता, म्हणून कॅनडाच्या किनाऱ्याच्या आडोशाने जाण्याचा मार्ग त्यांनी धरला आणि तोवर तो शहाणपणाचाच होता. पण १० तारखेच्या दुपारनंतर वारा फिरून वायव्येकडून वाहू लागला. जहाजे सरोवराच्या पूर्व टोकाच्या व्हाइटफिश उपसागराकडे वळली त्याच वेळी सुपीरियरची सगळी लांबी-रुंदी त्यांच्या पाठीशी आली आणि आडोसा संपला. दुपारी साडेतीनच्या सुमारास मॅकसॉर्ली यांनी बिनतारी यंत्रावरून कळवले की डेकवरचा कठडा पडला आहे, हवेच्या दोन नळ्यांची झाकणे गेली आहेत, जहाज एका अंगाला कलले आहे आणि पाणी उपसणारे दोन पंप चालू आहेत. थोड्याच वेळात त्यांची दोन्ही रडारयंत्रे बंद पडली. व्हाइटफिश टोकावरचा दीप आणि दिशा दाखवणारा रेडिओ-संकेतही वादळाने बंद पडला होता. मग मागून येणाऱ्या ‘अँडरसन’ने आपल्या रडारवर पाहून वाट सांगायची आणि ‘फिट्झगेराल्ड’ने बर्फाच्या भुरभुरीत त्या आवाजाच्या आधाराने पुढे जायचे, असे चालले. त्या संध्याकाळी दुसऱ्या एका जहाजाशी बोलताना मॅकसॉर्ली म्हणाले होते की, आपण पाहिलेल्या सर्वांत वाईट लाटांपैकी या आहेत. बोलणारा माणूस ४० वर्षांहून अधिक काळ जहाजांवर काढलेला होता.

सातच्या काही मिनिटे आधी दोन प्रचंड लाटा ‘अँडरसन’च्या डेकवरून पार होऊन पुढे, ‘फिट्झगेराल्ड’च्या दिशेने गेल्या. ७ वाजून १० मिनिटांच्या सुमारास ‘अँडरसन’ने विचारले, अडचणींचे कसे काय? उत्तर आले, “आम्ही तग धरून आहोत.” त्यानंतर थोड्याच मिनिटांत जहाज रडारवरून नाहीसे झाले. मदतीची हाकही आली नाही. जहाजावर २९ माणसे होती. एकही वाचला नाही आणि एकाचाही देह हाती लागला नाही. उपसागराचा आसरा तेथून फक्त २७ किलोमीटरवर होता.

यापुढचा भाग मला सर्वांत महत्त्वाचा वाटतो. ‘अँडरसन’ सुखरूप उपसागरात पोहोचले होते. तटरक्षक दलाजवळ त्या लाटांत घालता येईल असे मोठे जहाज जवळपास नव्हते, म्हणून त्यांनी कूपर यांना परत जाऊन शोध घ्याल का, असे विचारले. ज्या पाण्याने आत्ताच एक जहाज गिळले त्याच पाण्यात स्वतःचे जहाज आणि आपली माणसे परत घालायची, हा निर्णय सोपा नव्हता. कूपर वळले. ‘विल्यम क्ले फोर्ड’ हे जहाजही त्यांच्या मदतीला निघाले. मिळाल्या त्या दोन मोडक्या जीवनरक्षक होड्या आणि काही तराफे, सगळे रिकामे.

जहाज सुमारे १६० मीटर खोलीवर दोन तुकड्यांत सापडले. पुढचा तुकडा सरळ आणि मागचा पालथा. कारणाचा वाद येथून सुरू होतो. तटरक्षक दलाच्या १९७७ च्या अहवालाने दोष मालाच्या कोठाराच्या झाकणांवर ठेवला. अशी २१ झाकणे होती आणि प्रत्येकाला ६८ पकडी. त्या नीट न बसल्यामुळे तासन्‌तास पाणी आत झिरपत गेले, असे त्या अहवालाचे म्हणणे होते. कोठारांमध्ये पाणी अडवणाऱ्या भिंती नव्हत्या आणि आत किती पाणी आहे हे कप्तानाला कळण्याची सोयही नव्हती. पुढच्या वर्षी राष्ट्रीय वाहतूक सुरक्षा मंडळाने म्हटले की लाटांच्या भाराने झाकणेच कोसळली. जहाजमालकांच्या संघटनेला दोन्ही मान्य नव्हते; कॅरिबू बेटाजवळच्या उथळ खडकाला जहाजाचे बूड घासले आणि तेथेच त्याचे मरण लिहिले गेले, असे तिचे मत होते. कूपर यांनाही रडारवर ते त्या खडकांच्या नको तितके जवळून गेल्यासारखे वाटले होते.

सांगणारा कोणी उरला नाही, म्हणून शेवटचा शब्द कोणाचाच नाही. तरी एका गोष्टीकडे मी वाचकांचे लक्ष वेधू इच्छितो. १९६९ ते १९७३ या काळात नियम तीनदा सैल करून या जहाजाला हिवाळ्यात पूर्वीपेक्षा सुमारे एक मीटर अधिक खोल बसेल इतका माल भरण्याची मुभा देण्यात आली होती. कारण झाकणे असोत की खडक, तो एक मीटर त्या रात्री डेक आणि लाट यांच्यामध्ये असायला हवा होता.

प्रश्न : अशा वादळांची पूर्वसूचना देण्याची पद्धत तेथे केव्हा सुरू झाली? (एक विद्यार्थिनी, पुणे)

उत्तर : अमेरिकेची सरकारी हवामान सेवा उभी राहण्यामागे याच सरोवरांवरील नुकसान होते. मिलवॉकीचे अभ्यासक इन्क्रीज लॅपहॅम यांनी १८६९ साली बुडालेल्या जहाजांची व माणसांची यादीच सरकारपुढे ठेवली. वादळे पश्चिमेकडून पूर्वेकडे सरकतात आणि तार त्यांच्यापेक्षा वेगाने जाते, तर आधी कळवता का येऊ नये, असा त्यांचा साधा युक्तिवाद होता. फेब्रुवारी १८७० मध्ये राष्ट्राध्यक्ष ग्रँट यांनी सेवेच्या ठरावावर सही केली आणि त्याच वर्षी ८ नोव्हेंबरला सरोवरांसाठी पहिला इशारा स्वतः लॅपहॅम यांनी दिला.

इशारा असून लोक थांबतातच असे नाही. नोव्हेंबर १९१३ च्या महावादळात बंदरांवर सूचनेची निशाणे चढवलेली होती. मध्ये वारा थोडा पडला, आकाश निवळल्यासारखे वाटले आणि जहाजे निघाली. ९ नोव्हेंबरला एकट्या ह्युरॉन सरोवरात आठ जहाजे सर्व माणसांसह बुडाली. चार दिवसांतील एकूण बळी २५० च्या आसपास होते. ‘चार्ल्स एस. प्राइस’ हे १५० मीटरहून लांब जहाज उलटे होऊन तरंगत राहिले आणि पाणबुड्याने खाली उतरून नाव वाचेपर्यंत ते कोणते हे काठावरच्या लोकांना कळले नाही.

प्रश्न : मी पर्यटकांना पाण्याखाली नेण्याचे काम करतो. आमच्याकडे समुद्रात राहिलेले लाकूड काही वर्षांत पोखरून निघते. या सरोवरांत मात्र शे-दीडशे वर्षांची लाकडी गलबते शाबूत आहेत, असे ऐकले. ते कसे? (एक वाचक, तारकर्ली)

उत्तर : समुद्रात लाकूड पोखरणारा किडा खाऱ्या पाण्यातला जीव आहे, गोड्या पाण्यात तो जगत नाही. शिवाय सरोवराच्या खोल भागात पाणी वर्षभर ४ अंश सेल्सिअसच्या आसपास असते, तेथे उजेड पोहोचत नाही आणि कुजण्याची क्रिया मंदावते. १८७५ साली गहू घेऊन निघालेले ‘कॉर्नेलिया बी. विंडिएट’ हे तीन डोलकाठ्यांचे गलबत ह्युरॉन सरोवराच्या तळाशी आजही सरळ उभे आहे. तिन्ही डोलकाठ्या उभ्या आहेत आणि त्याची लहान होडी शेजारी तळावर टेकलेली आहे. मिशिगनमधील अल्पीना गावाजवळचा हा परिसर २००० सालापासून संरक्षित असून काचेच्या तळाच्या बोटीतून तेथील काही उथळ अवशेष पाहता येतात. अलीकडे मात्र परदेशातून जहाजांच्या पाण्याबरोबर आलेल्या लहान शिंपल्यांनी दक्षिणेकडच्या सरोवरांतील अवशेषांवर जाड थर चढवला आहे. सुपीरियरच्या पाण्यात चुन्याचे प्रमाण कमी असल्यामुळे तेथे त्यांचा उपद्रव फारसा नाही.

हीच थंडी माणसांच्या बाबतीत कठोर ठरते. बुडालेला देह एरवी काही दिवसांनी कुजून फुगतो आणि वर येतो. सुपीरियरच्या तळाशी ती क्रियाच होत नाही, म्हणून तेथे गेलेली माणसे बहुधा परत येत नाहीत. आपला व्यवसाय पाहता हे मुद्दाम सांगतो, कारण ‘फिट्झगेराल्ड’ आता नातेवाइकांच्या दृष्टीने थडगे आहे आणि ओंटारिओ प्रांताच्या कायद्याने परवान्याशिवाय तेथे उतरण्यास मनाई आहे. नातेवाइकांच्या इच्छेवरून ४ जुलै १९९५ रोजी त्या जहाजाची घंटा वर काढण्यात आली आणि ती आज व्हाइटफिश टोकावरच्या संग्रहालयात आहे. तिच्या जागी खाली दुसरी घंटा बसवली आहे, आणि तिच्यावर २९ जणांची नावे कोरलेली आहेत.