प्रायरला ‘पूर्वग्रह’ म्हणावं का?

एका वाचकाचा प्रश्न आलाय. संख्याशास्त्रावरच्या एका मराठी लेखात त्यांना हे वाक्य भेटलं: ‘बेजियन पद्धतीत आधी पूर्वग्रह ठरवतात, मग पुराव्याची संभाव्यता काढतात आणि त्यातून उत्तर संभाव्यता मिळते.’ (बेझियन म्हणजे थॉमस बेझच्या नावाने ओळखली जाणारी, नवा पुरावा येईल तशी आधीची समजूत सुधारत नेण्याची रीत.) ते तीन ठिकाणी अडले. गणितात पूर्वग्रह (इंग्रजीतला ‘प्रायर’, म्हणजे पुरावा पाहण्याआधीची समजूत) कसा काय चालतो? प्रॉबॅबिलिटी आणि लाइकलीहूड हे दोन वेगळे शब्द असताना मराठीत दोन्हींना संभाव्यताच का? आणि ‘उत्तर संभाव्यता’ म्हणजे उत्तराची संभाव्यता की काय?

पहिल्यापासून घेऊ, कारण खरी गंमत तिथेच आहे. ‘ग्रह्’ म्हणजे पकडणं, घेणं. आग्रह, निग्रह, संग्रह, अनुग्रह ही सगळी त्याच घरातली भावंडं. मराठीत नुसता ‘ग्रह’ अजून बऱ्यापैकी निरुपद्रवी आहे. ‘माझा असा ग्रह झाला की तुम्ही येणार नाही’ असं म्हणणारा माणूस फक्त आपली समजूत सांगत असतो. त्याला ‘पूर्व’ जोडलं की ‘आधीची समजूत’ एवढाच अर्थ व्हायला हवा, आणि प्रायर म्हणजे तेच. तेव्हा व्युत्पत्ती काढून भांडायचं ठरवलं तर तो भाषांतरकार जिंकेल. पण या शब्दाला संगत वाईट मिळाली. पूर्वग्रहदूषित, पूर्वग्रह बाळगणे, मनात पूर्वग्रह धरून बसणे. ‘बाळगणे’ हे क्रियापदच बघा. वैर बाळगतात, संशय बाळगतात. इथे मात्र गणिती गृहीतक बाळगायला सांगितलंय. वाचक बिचकणारच.

पण नुसत्या वासावरून शब्द बाद करणं बरोबर नाही. ती संकल्पना काय काम करते ते आधी पाहू. उदाहरण आपल्याच प्रांतातलं घेतो, जुन्या हस्तलिखिताचं. आकडे मी सोयीसाठी मानलेले आहेत.

समजा पोथीत एका ओळीत ‘तेंचि’ आहे आणि पुढचं अक्षर पुसट झालंय. त्यापुढचा ‘र’ स्पष्ट दिसतो. ‘तेंचि घर’ की ‘तेंचि धर’? अर्थ दोन्हींचा लागतो: तेच घर, किंवा तेच धरून ठेव. घ आणि ध यांत फरक इतकाच की घच्या डोक्यावर शिरोरेषा सलग असते आणि धच्या डाव्या अंगाला ती नसते, तिथे मोकळी फट राहते. भिंग लावण्याआधी मला एवढंच ठाऊक आहे की असल्या लेखनात अशा जागी दहातल्या नऊ वेळा ‘घर’ येतं, एकदा ‘धर’. हा झाला प्रायर. यात दुष्टपणा कुठेच नाही. उलट, एवढं वाचन पाठीशी असून ते कोऱ्या मनाने बाजूला ठेवणारा संपादक मला जास्त धोकादायक वाटतो.

आता भिंग लावलं. शिरोरेषेत फट दिसते. पण शाई उडूनही फट पडते. समजा अक्षर ध असेल तर अशी फट दिसण्याची शक्यता 0.9 आहे आणि घ असेल तर शाई उडाल्यामुळे ती दिसण्याची शक्यता 0.3. गुणाकार करा: घच्या बाजूने 0.9 × 0.3 म्हणजे 0.27, धच्या बाजूने 0.1 × 0.9 म्हणजे 0.09. दोन्हींची बेरीज 0.36. त्यात घचा वाटा 0.27, म्हणजे पाऊण. फट डोळ्यांनी दिसत असूनही ‘घर’ हेच वाचन पुढे आहे, फक्त आधीच्या 90 टक्क्यांवरून 75 वर आलंय. बेझचं प्रमेय ते एवढंच. (त्याला ‘सिद्धांत’ म्हणू नये. पायथागोरसचं ते प्रमेय आणि बेझचा सिद्धांत, हा पंक्तिप्रपंच कशाला?)

गोष्ट इथे थांबत नाही. त्याच ग्रंथाची दुसरी पोथी मिळाली, तिथेही अक्षर पुसट आणि तिथेही फट. आता 90 आणि 10 पासून सुरुवात करायची नाही. मघाचे 75 आणि 25 हाच नवा प्रायर. पुन्हा तोच हिशोब केला की पारडी बरोबरीत येतात, 50–50. तिसऱ्या पोथीतही फट निघाली तर घ 25 आणि ध 75. आधीचा अंदाज किती का भक्कम असेना, पुरावा साचत गेला की तो हलतो. अट एकच, की पुरावा खरोखर नवा हवा. दुसरी पोथी पहिलीवरूनच उतरवली असेल आणि लेखनिकाने फटीसकट नक्कल मारली असेल, तर आपण एकच साक्षीदार दोनदा उभा केला. पाठचिकित्सा करणारे यावर आयुष्यं घालवतात. संख्याशास्त्रात याला ‘पुरावे परस्परांपासून स्वतंत्र आहेत का’ असा रुक्ष प्रश्न म्हणतात.

आता पूर्वग्रहाकडे परत. समजा एखादा संपादक म्हणाला, ‘या ग्रंथकाराच्या लेखणीतून धर हा शब्द उतरणंच शक्य नाही.’ म्हणजे धला त्याने 0.1 ऐवजी शून्य दिलं. शून्याला कशानेही गुणा, शून्यच. शंभर पोथ्यांत स्वच्छ फट दिसली तरी याचं ‘घर’ 100 टक्क्यांवरून तसूभर हलणार नाही. मराठीत ज्याला आपण पूर्वग्रह म्हणतो तो हाच! म्हणून माझं मत असं: पुराव्याने हलते ती पूर्वधारणा, आणि शून्यावर किंवा शंभरावर खिळा ठोकून बसलेला तो पूर्वग्रह. दोन्ही शब्द ठेवावेत, एकाच्या जागी दुसरा वापरू नये. डेनिस लिंडली या इंग्रज संख्याशास्त्रज्ञाने अशा खिळ्यांना मनाई करणाऱ्या नियमाला ‘क्रॉमवेलचा नियम’ असं नाव दिलं. ऑलिव्हर क्रॉमवेल या इंग्रज सेनानीने 1650 साली स्कॉटलंडच्या चर्चला पत्र लिहून, आपण चुकत असू हे शक्य आहे एवढं तरी मनात आणा, अशी काकुळतीची विनंती केली होती, तिची ती आठवण. आता क्रॉमवेलने स्वतः तो नियम किती पाळला ते सोडून देऊ.

‘पूर्वसंभाव्यता’ हा शब्दही चालतो आणि आकड्याबद्दल बोलताना तोच नेटका. पण प्रायर म्हणजे नेहमी एकच आकडा नसतो. एखादं अज्ञात प्रमाण 0 ते 1 मध्ये कुठे असेल याचं अख्खं वितरण, म्हणजे कोणत्या किमतीला किती वजन द्यायचं त्याची मांडणी, असू शकतं. तेव्हा ‘पूर्ववितरण’ म्हणावं. सर्वसाधारण गप्पांत पूर्वधारणा.

दुसरा प्रश्न लाइकलीहूडचा, आणि इथे चूक साधी नाही. रोनाल्ड फिशर या इंग्रज संख्याशास्त्रज्ञाने 1920च्या दशकाच्या सुरुवातीला हा शब्द पारिभाषिक म्हणून मुद्दाम वेगळा काढला, तो प्रॉबॅबिलिटीशी गल्लत होऊ नये म्हणूनच. दोन्हींना संभाव्यता म्हणून आपण त्याच्या सगळ्या खटाटोपावर पाणी ओततो. वरच्या उदाहरणातले 0.9 आणि 0.3 पुन्हा बघा. त्यांची बेरीज 1.2 होते. अक्षर घ असण्याची आणि ध असण्याची संभाव्यता मिळून 1 पेक्षा जास्त होईल का? नाही. कारण त्या अक्षराच्या संभाव्यता नाहीतच. पुरावा एकच, ती फट; तिच्याशी कोणतं वाचन किती जुळतं याचं ते माप आहे. इंग्रजी शब्दाच्या पोटातही ‘लाइक’ म्हणजे ‘सारखा’ आहेच. म्हणून मला ‘अनुरूपता’ आवडतो. काही जण शक्यता म्हणतात. रोजच्या बोलण्यात शक्यता आणि संभाव्यता यांत आपण फरक करत नाही ही त्यातली अडचण (वर मीसुद्धा ‘फट दिसण्याची शक्यता’ लिहून मोकळा झालोच). ‘संभाविता’ही घडवता येईल, पण ‘संभाव्यता’ आणि ‘संभाविता’ ही जोडी मुद्रितशोधनातून जिवंत बाहेर पडेल असं वाटत नाही.

आणि कृपा करून ‘संभावना’ नको. मराठीत संभावना करतात ती माणसाची, आणि बहुधा उपरोधाने: ‘सासरेबुवांनी जावयाची चांगलीच संभावना केली.’ तसंच संभावित म्हणजे प्रतिष्ठित, निदान तसा आव आणणारा. ‘संभावित उमेदवारांची यादी’ असा मथळा दिसला की, चला, या खेपेला सभ्य माणसं उभी राहिली, असं वाटून जातं. तिथे संभाव्य हवं.

याच संदर्भात मराठीची एक सोय सांगतो. सशर्त संभाव्यता लिहिताना गणितात दोन गोष्टींच्या मधे उभी रेघ मारतात. ती रेघ मराठीत ‘असता’ अशी वाचावी, उजवीकडून डावीकडे. ‘अक्षर घ असता फट दिसणे’ ही एक गोष्ट, ‘फट दिसली असता अक्षर घ असणे’ ही दुसरी. पहिलीचं माप 0.3, दुसरीचं 0.75. भल्याभल्यांची गल्लत होते ती याच अदलाबदलीत. ‘घ आणि फट यांची संभाव्यता’ असलं गुळमुळीत वाक्य लिहिलं की वाचकाला कोणती बाजू धरायची ते कळतच नाही. ‘असता’ लिहिलं की तोंड कुठे आणि शेपूट कुठे हे वाक्यच सांगतं.

किंबहुना ही उलटापालट हाच या विषयाचा गाभा, आणि आपल्या परंपरेत तिला नाव आहे. न्यायसूत्रांत अनुमानाचे तीन प्रकार सांगितलेत: पूर्ववत्, शेषवत् आणि सामान्यतोदृष्ट. ढग दाटून आले, आता पाऊस पडेल, हे कारणावरून कार्याकडे जाणारं पूर्ववत्. नदीला पूर आलाय, वर कुठेतरी पाऊस झाला असणार, हे कार्यावरून कारणाकडे जाणारं शेषवत्. फटीवरून अक्षराकडे जाणं हे शेषवत्. थॉमस बेझ हा इंग्लंडमधला धर्मोपदेशक 1761 साली वारला. त्याचा निबंध त्याचा मित्र रिचर्ड प्राइस याने 1763 मध्ये प्रसिद्धीस आणला. फ्रान्समध्ये लाप्लास या गणितज्ञाने 1774 मध्ये स्वतंत्रपणे हाच मार्ग मांडला तेव्हा त्याने ‘कारणांची संभाव्यता’ असाच शब्दप्रयोग केला. पुढे शंभराहून जास्त वर्षं या रीतीला ‘व्यस्त संभाव्यता’ म्हणत. व्यस्त म्हणजे उलट, व्यस्त प्रमाणातला. कामात गढलेला या अर्थाचा व्यस्त हिंदीतून आलेला पाहुणा आहे. बेझच्या नावाचं विशेषण रुळलं ते 1950च्या दशकात. म्हणजे ज्याच्या नावाने हे सगळं चालतं त्याला जाऊन दोन शतकं होत आली होती.

नावावरून आठवलं, इंग्रजी उच्चार ‘बेझ’ असा आहे आणि शेवटचा झ नावाचाच भाग आहे, षष्ठीचा प्रत्यय नव्हे. ‘बे यांचं प्रमेय’ असं कुणी लिहिलं तर तो बिचारा अर्धाच उरतो. विशेषण बेझीय करा किंवा बेझियन, माझी हरकत नाही. इन्फरन्सला मात्र अनुमानच, अंदाज नको. अंदाज हा एका आकड्याचा असतो. अनुमानात त्या आकड्यापर्यंत कसे पोचलो तेही येतं.

मॉडेलला प्रारूप म्हणा नाहीतर मॉडेल, त्यात फारसा जीव अडकवायला नको. एवढं सांगायला हवं की घ आणि ध अशा दोनच पर्यायांत तळाची बेरीज, म्हणजे मघाचे 0.36, चुटकीसरशी झाली. खऱ्या प्रारूपांत अज्ञात गोष्टी, म्हणजे प्राचल, शेकड्यांनी असतात आणि ती बेरीज हाताबाहेर जाते. मग संगणकाला त्या उत्तरवितरणात यदृच्छेने भटकायला लावून नमुने उचलायचे आणि शितावरून भाताची परीक्षा करायची. या भटकंतीचा मूळ विधी 1953 सालचा, पण संख्याशास्त्रज्ञांनी तो मनावर घेतला 1990च्या सुमारास. बेझियन पद्धतीला बरकत आली ती तेव्हापासून.

आता मघाशी मीच ‘उत्तरवितरण’ म्हटलं, तेव्हा तिसरा प्रश्न टाळता येणार नाही. उत्तर म्हणजे नंतरचं: पूर्वार्ध–उत्तरार्ध, पूर्वरंग–उत्तररंग, उत्तररात्र. संस्कृतात पूर्व आणि उत्तर ही जुनीच जोडी, आणि पोस्टीरिअरला, म्हणजे पुरावा पाहिल्यानंतरच्या संभाव्यतेला, ती चपखल बसते. पण हा शब्द मोकळा सोडला की फसवतो, कारण प्रश्न सोडवायला बसलेल्या माणसाला उत्तर म्हणजे आन्सरच वाटणार. कीर्तनाच्या उत्तररंगाला कुणी उत्तरांचा रंग समजत नाही, कारण तो एकसंध शब्द आहे. म्हणून ‘उत्तरसंभाव्यता’ जोडून लिहावं, आणि पहिल्यांदा येईल तिथे शेजारी पूर्वसंभाव्यता असावी, म्हणजे जोडीवरून अर्थ कळतो. तरीही धास्ती वाटत असेल तर ‘पश्चात्-संभाव्यता’ आहे. हलन्त सांभाळायची तयारी हवी.

तर ते वाक्य मी असं लिहीन: ‘बेझियन पद्धतीत आधी पूर्वधारणा आकड्यांत मांडतात, मग हाती आलेला पुरावा प्रत्येक पर्यायाला किती अनुरूप आहे ते मोजतात, आणि दोन्हींच्या गुणाकारावरून उत्तरसंभाव्यता काढतात.’